वतनाचा हिशेब कोण मांडणार?

शंकरराव खरातांचे ‘तराळ-अंतराळ’ (१९८१) हे आत्मकथन जिद्दीची कहाणी म्हणून वाचण्याची रीत आहे. आटपाडीच्या तराळाचा पोर कुलगुरू झाला, हे खरेच. पण मला हे पुस्तक गावाकडे थकलेल्या मजुरीची खतावणी वाटते. सांगावे पोचवायचे, मेलेली ढोरे ओढायची, रात्री-अपरात्री सरकारी कामाला धावायचे; मोबदला काय, तर वतनाचा तुकडा आणि मागून आणलेली भाकर. ही गुलामगिरीच, हे ओळखून बाबासाहेबांनी १९२८ साली मुंबई कौन्सिलात वतन कायद्याच्या दुरुस्तीचे बिल आणले. १९५८ च्या कायद्याने वतन गेले. पण जमीन परत मिळवण्यासाठी सरकारात पैसे भरावे लागले ते राबणाऱ्यालाच.

इंग्लंडच्या ट्रेव्हेलियन घराण्याने पूर्वजांनी गुलाम बाळगल्याबद्दल २०२३ साली ग्रेनेडात जाऊन जाहीर माफी मागितली, एक लाख पौंड दिले. रक्कम थोडीच, पण पूर्वजांचे नाव घेऊन दिली. आमच्याकडे वाड्यांच्या आठवणी पुष्कळ छापल्या गेल्या. त्यांत तराळ दाराशी उभा असतो, त्याची मजुरी कुठेच नसते. खरातांनी येणे लिहून ठेवले आहे. देणे वाड्यांतल्या लेखकांनी लिहायचे आहे. तोवर त्यांच्या गावाविषयीच्या जिव्हाळ्यावर मी विश्वास कसा ठेवू?