'लायक' कोण? : सिकलसेलचा एक माहितीपट

माणसाची उत्क्रांती म्हटली की माहितीपटांना गुहा, दगडी हत्यारे आणि केसाळ पूर्वज आठवतात. ती आजही चालू आहे हे दाखवणे अवघड, कारण पिढ्यान्‌पिढ्यांचा बदल कॅमेऱ्यात मावत नाही. हॉवर्ड ह्यूज मेडिकल इन्स्टिट्यूटच्या 'द मेकिंग ऑफ द फिटेस्ट : नॅचरल सिलेक्शन इन ह्यूमन्स' या लघु माहितीपटाने त्यातून वाट काढली. त्याने बदलाबरोबर तो शोधणारा माणूसही दाखवला.

हे टोनी ॲलिसन. केनियात वाढलेले ॲलिसन १९४९ साली, वैद्यकाचे विद्यार्थी असताना, ऑक्सफर्डच्या मोहिमेबरोबर तिथे परतले. रक्त तपासताना त्यांना दिसले, की सिकलसेलचे वाहक समुद्रकिनारी आणि व्हिक्टोरिया सरोवराकाठी पुष्कळ आहेत, उंचावरच्या प्रदेशात फार थोडे. मलेरियाचा पसाराही तसाच. या जनुकाची एकच प्रत असेल तर मलेरियापासून संरक्षण मिळते, हे त्यांनी १९५४ साली मांडले. दोन्ही प्रती आल्या की मात्र आजार. हा युक्तिवाद पटात इतका स्वच्छ उलगडतो, की जीवशास्त्र वर्गात बसून न शिकलेल्या माझ्यासारख्यालाही तो पहिल्या पाहण्यात कळतो.

माझे दोन आक्षेप आहेत. पहिला असा, की इथे मलेरिया हवामानासारखा, आपोआप आलेला वाटतो. फ्रँक लिव्हिंगस्टोन या मानववंशशास्त्रज्ञाने पश्चिम आफ्रिकेबद्दल १९५८ सालीच वेगळी मांडणी केली होती : शेतीसाठी जंगल तुटले, उघड्यावर पाणी साचले, डास फोफावले, आणि मग या जनुकाला मोल आले. म्हणजे कुऱ्हाडीचा घाव रक्तापर्यंत पोचला. याच संस्थेच्या 'गॉट लॅक्टेज?' या पटात गुरे पाळण्याची आणि दूध पिण्याची रीत कथेच्या मध्यभागी आहे. सिकलसेलच्या कथेत संस्कृतीला ते स्थान मिळत नाही.

दुसरा आक्षेप शीर्षकातल्या 'फिटेस्ट'ला. दोघे वाहक असतील तर प्रत्येक गरोदरपणात बाळाला आजार होण्याची शक्यता चारात एक. निवडीचा हिशेब सगळ्या समाजाच्या सरासरीचा असतो. त्याची किंमत एखादे मूल असह्य वेदनांनी चुकवते. मग 'लायक' कोण? जनुकाला गुण किंवा दोष देणारी गोष्ट त्या जागी असते, त्या माणसात नसते. मलेरिया हटला की तेच जनुक नुसते ओझे उरते.

हे आफ्रिकेपुरते नाही. गडचिरोलीत मलेरिया आहे आणि सिकलसेलही. विदर्भातल्या, नंदुरबारमधल्या आदिवासी आणि दलित वस्त्यांत हा आजार घरोघरी ठाऊक आहे. लग्नाआधी रक्त तपासून घ्या, असे आरोग्य कर्मचारी सांगतात. डासाच्या जागी आता तपासणीचा कागद आला आहे, आणि पुढच्या पिढीत हे जनुक कसे उतरेल ते काही अंशी सोयरिकीच्या बैठकीत ठरते. चालू उत्क्रांती पाहायची तर ती तिथे आहे. पण वाहक म्हणजे रोगी नव्हे, हे समजले नाही तर तोच कागद निरोगी मुलीच्या कपाळावरचा डाग होतो.

तो माहितीपट आपल्याकडे व्हायला हवा, आणि त्याच्या नावात 'लायक' हा शब्द नसावा.