थीसियसची साक्ष

पुराणकथेतील अद्भुत बुद्धीच्या चाळणीतून गाळून घ्यावे आणि उरेल त्याला इतिहास म्हणावे, ही हौस केवळ आधुनिकांची नव्हे. थीसियसचे चरित्र लिहावयास बसलेल्या प्लूटार्कनेही प्रारंभीच आपला मनोदय सांगितला आहे: दंतकथेने विवेकाचे शासन मानावे आणि इतिहासाचा वेष धारण करावा. मिनोटॉर हा अर्धा मनुष्य व अर्धा बैल नसून टॉरस नावाचा मिनॉसचा सेनापती होता, आणि लॅबिरिंथ म्हणजे एक साधा तुरुंग होता, हे क्रीटवासीयांचे मत त्याने फिलोकोरसच्या आधारे नोंदवले आहे. ख्रिस्तपूर्व चौथ्या शतकातील पॅलिफाटसने तर अशा उलगड्यांची एक पुस्तिकाच रचली. या पद्धतीतील उणीव त्या काळीही लपून राहिली नसावी. राक्षसाबरोबर भयही नाहीसे होते. सेनापतीचे नाव ‘बैल’ होते एवढीच हकीकत असती, तर ती अडीच हजार वर्षे सांगत बसण्याचे कोणाला कारण पडले नसते.

मेरी रेनॉल्ट (१९०५–१९८३) या इंग्रज लेखिकेच्या ‘द किंग मस्ट डाय’ (१९५८) व ‘द बुल फ्रॉम द सी’ (१९६२) या दोन कादंबऱ्यांचा गौरव बहुधा याच पद्धतीचा एक यशस्वी नमुना म्हणून केला जातो. मिनोटॉर हा येथे ॲस्टेरिअन नावाचा महत्त्वाकांक्षी राजपुरुष आहे. लॅबिरिंथ म्हणजे क्नॉसॉसचा अवाढव्य राजवाडा. बैलासमोर टाकले जाणारे अथेन्सचे तरुण-तरुणी हे बैलाच्या शिंगांवरून कोलांट्या घेणारे नर्तक. सारे कसे शक्य कोटीतले! परंतु पुस्तक मिटल्यानंतर वाचकाच्या मनात जे रेंगाळते, ते या उलगड्यांचे चातुर्य नव्हे. मनात राहतो तो एक आवाज. कथा थीसियस स्वतः सांगतो, आणि सांगणाऱ्याच्या मनात देवाविषयी तिळमात्र शंका नाही.

रेनॉल्टने अद्भुत काढून टाकलेले नाही, तिने त्याचे स्थान बदलले आहे. थीसियसला भूकंपाची चाहूल आधी लागते. अंगावर काटा येतो, पोटात कालवते, पायांखालची भूमी परकी वाटू लागते. या प्रकृतिधर्माला वैद्यकाने काहीही नाव द्यावे. थीसियसच्या लेखी तो पित्याने पुत्राला दिलेला इशारा आहे, कारण भूमी हलवणारा पॉसायडन हाच आपला जनक, असे सांगत त्याला वाढवलेले आहे. यातील नाजूक जागा ही की, देवाच्या पुत्राने धिप्पाड असावे अशी त्या पोराची समजूत असते आणि तो मात्र काही केल्या उंच होत नाही. बैलाच्या पाठीवरून झेपावणारा नर्तक हलका व आटोपशीर बांध्याचाच असणार, हे लेखिकेने क्नॉसॉसच्या भित्तिचित्रांवरून ताडले. एका तार्किक अनुमानातून व्यक्तिरेखेच्या मनातील सल निर्माण व्हावा, ही किमया प्लूटार्कला साधलेली नाही.

या श्रद्धेचा गाभा पहिल्याच प्रकरणांत येतो. ट्रीझेनमध्ये आजोबा पिथिअस याच्या छत्राखाली वाढणारा मुलगा आपल्या लाडक्या अश्वराजाचा बळी दिलेला पाहतो आणि हादरतो. आजोबा त्याला जे समजावतो त्याचे सार असे: राजा आणि बळी यांत मूलतः भेद नाही; प्रजेसाठी देवाने हाक दिली असता जो संमतीने पुढे जातो तोच राजा; आणि संमती नसेल तर मरण हे केवळ मरण होय. पुढे अथेन्समध्ये क्रीटसाठी चिठ्ठ्या टाकल्या जातात तेव्हा थीसियस आपण होऊन निघतो, तो याच शिकवणुकीच्या बळावर. कादंबरीच्या शीर्षकातील अनिवार्यता बाहेरून लादलेली नाही. तिला आतून होकार द्यावयाचा आहे, आणि तो होकार खरा की स्वतःची समजूत घालणारा, हा प्रश्न दोन्ही कादंबऱ्यांच्या तळाशी वाहत राहतो.

क्रीटच्या भागात लेखिकेची विद्वत्ता व कल्पकता एकजीव झाली आहे. आर्थर एव्हान्सने १९०० साली क्नॉसॉस येथे उत्खननास प्रारंभ केला. तेथील भित्तिचित्रे तुटक तुकड्यांतून जुळवलेली आहेत; त्यांत मूळ किती आणि जुळवणाऱ्यांचा हात किती, याविषयीचा वाद संपलेला नाही. रेनॉल्टने वादात न शिरता त्या चित्रांतील क्षणापूर्वीचे आणि नंतरचे क्षण लिहिले. सरावासाठी केलेला लाकडी बैल, नर्तकांची आपसातील बोली, त्यांच्यावर पैजा लावणारे सरदार, एकाचा पाय घसरला तर दुसऱ्याने शिंगांसमोर जाण्याचा अलिखित करार, हे सारे इतके स्वाभाविक उतरले आहे की गुलामांच्या त्या गटाचा अभिमान वाचकालाही शिवतो. मायकेल व्हेंट्रिसने १९५२ मध्ये ‘लिनिअर बी’ लिपी उलगडली आणि क्नॉसॉसच्या मृत्तिकापट्टिकांची भाषा ग्रीक असल्याचे दाखवले, त्या घटनेला कादंबरीच्या वेळी जेमतेम सहा वर्षे झाली होती. त्यांतील एका पट्टिकेवर सर्व देवांसाठी मधाचा एक कुंभ आणि ‘लॅबिरिंथच्या स्वामिनी’साठी एक कुंभ अशी नोंद वाचली जाते. कोठारावरील कारकुनाने केलेली ही नोंद कादंबरीकाराला मोहात पाडणारीच होती.

परंतु या मोहाचीच दुसरी बाजू तपासावयास हवी. रेनॉल्टच्या जगाची उभारणी एका उपपत्तीवर झाली आहे. बाखोफेनने १८६१ मध्ये मांडलेली आद्य मातृसत्ता, जेम्स फ्रेझरच्या ‘द गोल्डन बाउ’ (१८९०) मधील ठराविक काळानंतर मारला जाणारा राजा, आणि रॉबर्ट ग्रेव्ह्जने त्यांवर उभारलेली महामातेची कल्पना, हे तिचे घटक. मातृदेवतेला भजणारी जुनी प्रजा आणि आकाशदेवतांना भजणारे आक्रमक हेलेनी यांचा संघर्ष हेच थीसियसकथेचे रहस्य, असा या उपपत्तीचा अर्थ. तिचे पुढे काय झाले हे सर्वश्रुत आहे. पीटर युकोने क्रीटमधील नवाश्मयुगीन मृण्मूर्तींचा १९६८ मध्ये प्रसिद्ध झालेल्या ग्रंथात परामर्श घेऊन, प्रत्येक स्त्रीमूर्तीत महामाता पाहण्यास आधार नसल्याचे दाखवले. स्त्रीदेवतेच्या पूजेवरून स्त्रियांची सत्ता सिद्ध होत नाही, हे तर कोणाही भारतीय वाचकाला वेगळे सांगावयास नको. उत्खननाने केवळ हिरावूनच घेतले असे मात्र नाही. १९७९ मध्ये अर्खानेसजवळ अनेमोस्पिलिया येथे भूकंपाने कोसळलेले एक देवालय सापडले. तेथे ओट्यावर एका तरुणाचा सांगाडा होता आणि त्यावर काशाचे पाते. भूकंप टाळण्यासाठी दिलेला हा नरबळी असावा, असे उत्खननकर्त्यांचे अनुमान आहे. काहींना ते मान्य नाही. पण रेनॉल्टचा वाचक त्या वृत्ताशी क्षणभर थबकल्याखेरीज राहत नाही.

उपपत्ती जुनी झाली म्हणजे तिच्यावर बेतलेली कादंबरीही जुनी झाली काय? इरावती कर्वे यांच्या ‘युगान्त’ (१९६७) मध्ये मानवशास्त्रज्ञाची दृष्टी महाभारतातील व्यक्तींवर पडली, तेव्हा निष्कर्ष लेखिकेचे होते आणि वाचकाला पटले नाहीत तर त्याने तिच्याशीच वाद घालावयाचा होता. निबंधाचे ते बळही आहे. कादंबरीत मध्ये निवेदक उभा असतो. देवीचे राज्य दुष्ट होते असे जर थीसियस म्हणत असेल, तर तो जेत्याचा जबाब ठरतो, आणि जेत्याचा जबाब कधी कालबाह्य होत नाही. मात्र हा बचाव सर्वत्र टिकत नाही. इल्यूसिसच्या भागात वर्षराजाला मारून राणीचा पती झालेला थीसियस तेथील स्त्रियांची सत्ता मोडून काढतो. आपण पुरुषांना त्यांचा मान परत मिळवून दिला, अशी त्याची ग्वाही आहे. तिच्या विरोधी बोलणारे समर्थ पात्र तेथे कोणीही नाही. असे का व्हावे, याचा उलगडा कादंबरीअखेरच्या टिपणात होतो: मातृसत्ता आणि पितृसत्ता यांचा तो संघर्ष लेखिकेलाही ऐतिहासिक वाटत होता. निवेदकाचा स्वार्थ आणि लेखिकेचा सिद्धान्त येथे एकाच बाजूस उभे राहतात, आणि साक्ष तपासणारे कोणीच उरत नाही.

नॅक्सॉसचे प्रकरण याहून अधिक खटकते. अरिआद्नीला थीसियसने का टाकले, याचे एक उत्तर परंपरेत नाही. प्लूटार्कने अनेक परस्परविरोधी कथा नोंदवल्या आहेत, आणि त्या इतक्या आहेत याचाच अर्थ ग्रीकांनाही ते कृत्य पचले नव्हते. रेनॉल्टची अरिआद्नी डायोनायससच्या उत्सवात उन्मत्त स्त्रियांबरोबर डोंगरावर जाते, तेथील राजाला फाडून टाकणाऱ्यांत सामील होते, आणि रक्ताने माखून झोपलेली थीसियसला सापडते. तो शिसारीने निघून जातो. प्रसंग जबरदस्त आहे, यात शंका नाही. तथापि तो फार सोयीचाही आहे. एका कृतघ्नतेचे ओझे नायकाच्या खांद्यावरून उचलून धर्मविधीवर ठेवले गेले. क्रिस्टा वोल्फ या जर्मन लेखिकेने ‘मेडिआ’ (१९९६) मध्ये नेमका उलट मार्ग धरला. तिच्या मेडिआने मुलांना मारलेले नाही. कॉरिंथच्या लोकांनी ती मारली आणि दोष परक्या स्त्रीवर लादला. अशा आशयाची कथा युरिपिडीसहून निराळ्या परंपरेत होतीच. दंतकथा ही विजयी पक्षाने रचलेली बदनामी असू शकते, ही शंका रेनॉल्टला नॅक्सॉसवर शिवत नाही. वोल्फचे पुस्तक दुसऱ्या टोकाला जाऊन अभियोगपत्रासारखे वाटू लागते, हेही नमूद केले पाहिजे. मॅडलिन मिलरच्या ‘सर्सी’ने (२०१८) देवांना पुन्हा सदेह देव केले आहे आणि तिचा वाचकवर्ग मोठा आहे, परंतु जेथे देव प्रत्यक्ष दिसतात तेथे श्रद्धेची कसोटीच लागत नाही.

ती लागते रेनॉल्टच्या दोन प्रसंगांत. दुसऱ्या कादंबरीत फीड्रेचा खोटा आळ खरा मानून थीसियस हिपॉलिटसला शाप देतो. त्या क्षणी भूकंपाची चाहूल त्याच्या अंगात असते. जो इशारा देऊन त्याने आजवर माणसे वाचवली, तोच तो पुत्रावर शस्त्रासारखा उगारतो. समुद्र उसळतो, बैल बाहेर येतो, रथ उलटतो. युरिपिडीसच्या नाटकात पॉसायडनने दिलेला वर येथे माणसाने केलेला विश्वासघात होतो. देवाचे अस्तित्व नाकारण्याची गरजच पडत नाही.

दुसरा प्रसंग पहिल्या कादंबरीच्या अखेरीचा, काळ्या शिडाचा. पांढरे शीड चढवावयाचे थीसियस आनंदाच्या भरात विसरला, असे प्लूटार्क सांगतो. कॅटलसच्या काव्यात ती विस्मृती अरिआद्नीच्या शापाने येते. रेनॉल्टचा थीसियस विसरत नाही. त्याला शीड चांगले आठवते. तो विचार करतो, देवाकडे खूण मागतो, खूण मिळाली असे मानतो, आणि काळे शीड तसेच राहू देतो. एजियस कड्यावरून उडी घेतो आणि थीसियस राजा होतो. पित्याने हाक ऐकून संमतीने जावे एवढीच आपली इच्छा होती, असे तो सांगतो. आजोबाची सारी शिकवण त्याच्या बाजूने साक्षीला उभी आहे, शब्दही तेच आहेत. त्याने खूण मागितली तेव्हा जवळ दुसरे कोणी नव्हते.