यजमान प्रोग्रामातील दुभाष्या व त्याचे विस्तार : एक परीक्षण

महाड तालुक्यातील हिरकणीवाडी ही रायगडाच्या पायथ्याची वाडी. गडावर जाणाऱ्या रोपवेचे खालचे स्थानक येथेच आहे. याच तालुक्यात २००५ च्या जुलैमध्ये दासगाव व जुई येथे आणि २२ जुलै २०२१ रोजी तळिये येथे दरडी कोसळून जी जीवितहानी झाली, तिच्यामुळे येथील उतारांचे मापन हा केवळ प्रात्यक्षिकाच्या वहीपुरता विषय राहिलेला नाही. अशा मापनासाठी विद्यार्थ्याच्या हाती विनामूल्य येणारे साधन म्हणजे गॅरी शर्मन यांनी २००२ मध्ये आरंभिलेली क्यूजीआयएस ही नकाशाप्रणाली. फेब्रुवारी २००० मध्ये अंतराळयानातून रडारने घेतलेली उंचीची मापे सुमारे तीस मीटरच्या चौकोनांत उपलब्ध आहेत. (एवढ्या मोठ्या चौकोनात हिरकणीच्या बुरुजाखालचा कडा बराच बोथट होतो, हे आधीच मान्य केलेले बरे.) त्यांवर काही विशेष गणित करावयाचे झाल्यास अभ्यासक प्रणालीतच असलेल्या पायथनच्या खिडकीत चार ओळी लिहितो आणि नमपाय व जीडाल यांना पाचारण करतो.

येथेच एक प्रश्न उद्भवतो. क्यूजीआयएस ही सी प्लस प्लस भाषेत लिहिलेली असून पायथनचा इंटरप्रिटर, म्हणजे दुभाष्या, तिच्या पोटी वसलेला आहे. नमपाय आणि जीडाल यांचा गाभा मात्र पायथनमध्ये नाही. तो यंत्रभाषेत उतरविलेल्या सामायिक लायब्रऱ्यांच्या रूपाने स्वतंत्र फायलींत असतो आणि प्रोग्राम चालू असताना स्मृतीत आणला जातो. यजमान, त्याच्या घरचा दुभाष्या आणि दुभाष्याचे पाहुणे अशी ही तीन पदरी व्यवस्था होय. तिच्यातील दुसरा आणि तिसरा पदर यांची गाठ कोणी व कशी मारावयाची, याचे जे उत्तर पायथनने दिले आहे, ते तपासून पाहण्याजोगे आहे.

लिनक्सवरील विस्ताराच्या फाइलीत दुभाष्याच्या अनेक नामांचा, उदाहरणार्थ पायफ्लोट-टाइप याचा, नुसता उल्लेख असतो. ते नाम कोणत्या लायब्ररीत सापडेल, हे तेथे नमूद नसते. लोडरने ते दोन ठिकाणी शोधावे अशी अपेक्षा असते : सर्वांना खुले असलेले सार्वत्रिक क्षेत्र आणि त्या विस्ताराने स्वतः मागविलेल्या लायब्रऱ्या. पायथन स्वतंत्रपणे चालत असेल तर त्याची नामे सार्वत्रिक क्षेत्रात आपोआप असतात व कोठेही अडत नाही. परंतु यजमान प्रोग्रामाने पायथनची लायब्ररी डीएलओपन या आज्ञेने 'लोकल' रीतीने उघडली, तर तिची नामे खाजगी राहतात. मग दुभाष्या उत्तम चालतो, बेरजा-वजाबाक्या करतो. पण पहिला विस्तार आणू जाताच नाम अपरिभाषित असल्याचा संदेश येतो आणि काम थांबते. ज्या दुभाष्याने विस्तार मागविला, त्याचेच नाम विस्ताराला सापडू नये, हा प्रकार नवख्याला बुचकळ्यात टाकणारा आहे.

या संदेशाचा दोष असा की तो अपराध भलत्याच्या माथी मारतो. कोजागरीच्या संध्याकाळी गडाचे दरवाजे बंद झाले तेव्हा हिरकणीला दार उघडणार नाही असे सांगण्यात आले, असे आख्यायिका सांगते. गडाला दारच नाही असे कोणी सांगितले नाही. लोडर मात्र नेमके तसेच सांगतो. नाम स्मृतीत असते, केवळ खुले नसते. वापरणारा नमपाय काढून टाकून पुन्हा बसवितो, आवृत्त्या बदलतो, आणि चूक असते यजमानाच्या एका शब्दात.

क्यूजीआयएसच्या कर्त्यांना ही अडचण ठाऊक होती. पायथनशी सांधा जुळविणारी लायब्ररी उघडताना त्यांनी दोन सूचना मुद्दाम दिल्या आहेत : सर्व नामे तत्काळ सोडवावीत आणि ती इतरांस खुली करावीत. यांवाचून पायथन नीट चालणार नाही, अशी टीपही मूळ आज्ञावलीत आहे. तेव्हा हिरकणीवाडीचा नकाशा करणाऱ्यास हा त्रास सहसा होत नाही. परंतु ज्या व्यवस्थेत प्रत्येक यजमानाला हा मंत्र कोठून तरी ऐकून घ्यावा लागतो, तिला सुघटित म्हणणे कठीण आहे.

शिवाय नामे सर्वांना खुली करणे हा उपाय निर्धोक नाही. व्हिम या संपादकात पायथन २ आणि पायथन ३ असे दोन दुभाषे हवे तेव्हा आणण्याची सोय झाली. पण दोघांची नामे एकाच चव्हाट्यावर येत असल्यामुळे, लिनक्ससारख्या प्रणालींवर त्या रीतीने एकाचा वापर केल्यावर दुसऱ्यास मज्जाव करावा लागला. पोस्टग्रेसच्या पुस्तिकेनेही एका सत्रात हे दोन्ही पायथन वापरण्यास मनाई केली होती व नामांच्या संघर्षाने सर्व्हरची प्रक्रिया कोसळू शकेल असे कारण दिले होते. २०२२ च्या पंधराव्या आवृत्तीत पायथन २ च वगळण्यात आला, तेव्हा तो प्रश्न मिटला. सुटला असे म्हणता येत नाही.

मग विस्ताराने पायथनची लायब्ररी स्वतःच का मागवू नये? पूर्वी काही ठिकाणी तसे होतच असे. ऑक्टोबर २०१९ मध्ये आलेल्या ३.८ या आवृत्तीने युनिक्स कुळातील प्रणालींवर, अँड्रॉइड व सिगविन वगळता, ती प्रथा बंद केली. कारण सबळ होते. कित्येक ठिकाणी पायथन वेगळ्या लायब्ररीच्या रूपात नसतोच, तो मुख्य प्रोग्रामातच सामावलेला असतो. एकच तयार विस्तार दोन्ही ठिकाणी चालावा, तर त्याने लायब्ररीचे नाव घेऊ नये हेच इष्ट. वितरकांच्या दृष्टीने हा निर्णय योग्य ठरतो. पण त्याची किंमत यजमानांनी मोजावयाची आहे. विंडोजवर प्रत्येक आयात नामासोबत लायब्ररीचेही नाव असते, म्हणून ही विशिष्ट अडचण तेथे येत नाही. आवृत्तीचे बंधन मात्र घट्ट होते.

याहून समंजस मार्ग अस्तित्वात होता. जॉन ऑस्टरहाउट यांच्या टीसीएल भाषेने १९९९ च्या ८.१ या आवृत्तीत 'स्टब्ज' नावाची योजना आणली. तिच्यात विस्ताराला प्रारंभीच दुभाष्याचा पत्ता मिळतो आणि त्याच्याकडून तो कार्यांच्या पत्त्यांचा एक तक्ता मागून घेतो. नंतर नामशोधाची गरजच उरत नाही. यजमानाने नामे खुली ठेवली काय किंवा झाकली काय, विस्ताराचे अडत नाही. प्रत्येक हाकेला तक्त्यातून जाण्याचा अल्प विलंब आणि तक्त्यातील क्रम कायम राखण्याची शिस्त, एवढा याचा खर्च. ल्युआ अर्ध्या वाटेवर थांबली आहे : तिच्या विस्तारालाही दुभाष्याच्या अवस्थेचा पत्ता हाती मिळतो, पण कार्ये नामानेच शोधावी लागतात. एखाद्या विस्ताराने ल्युआची दुसरी प्रत सोबत आणली तर घोटाळा होई, म्हणून २०११ च्या ५.२ या आवृत्तीत ती ओळखण्याची तपासणी घालावी लागली. पायथनच्या विस्ताराचे प्रवेशकार्य तर रिकाम्या हातानेच बोलावले जाते.

नवल असे की पायथनच्या परिवाराला तक्त्याची युक्ती अपरिचित नाही. नमपाय आपली सी-कार्ये इतर विस्तारांना देते ती 'कॅप्सूल' या वस्तूत घातलेल्या पत्त्यांच्या तक्त्यातूनच. पाहुण्या-पाहुण्यांत जो रीतसर परिचय होतो, तो खुद्द दुभाष्या आणि पाहुणा यांच्यात होत नाही. ही उणीव आता इतक्या विस्तारांच्या घडणीत मुरली आहे की ती सहजी निघण्यासारखी नाही. निदान लोडरचा संदेश अडवून, नाम खाजगी क्षेत्रात आहे काय हे पाहून, यजमानाकडे बोट दाखविण्याचे काम पायथनला आजही करता येईल. त्यासाठी एकही विस्तार पुन्हा बांधावा लागणार नाही.