राजाचा व्याही सावळ्या कुंभार

मंडळी, राजा आणि रंक यांना समोरासमोर आणून हसवायचे, हा विनोदाचा फार जुना उद्योग. आपल्या मावळाने त्याला एक थोर सोंगाड्या दिला, इंदुरीचे दादू इंदुरीकर. ‘गाढवाचं लग्न’ या वगातला त्यांचा सावळ्या कुंभार महाराष्ट्रभर गाजला. संगीत नाटक अकादमीनेही त्यांचा गौरव केला. २००७ साली या वगावर चित्रपट आला, त्यात सावळ्या झाले मकरंद अनासपुरे.

गोष्ट तुम्हाला ठाऊकच आहे. शापाने गाढव झालेला गंधर्व सावळ्या-गंगीच्या पदरी येतो आणि म्हणतो, मला राजाची मुलगी करून द्या. आता कुंभाराने राजाकडे सोयरीक न्यायची!

ॲरिस्टॉटल म्हणतो, सुखात्मिका हीन माणसांचे चित्रण करते. मग इथे हीन कोण? सावळ्या घाबरतो, बायकोची बोलणी खातो, पण दरबारात तो मुलाकडचा माणूस म्हणून उभा राहतो. हसू येते ते राजाच्या डामडौलाचे.

पण एक प्रश्न आम्ही सोडणार नाही. शेवटी गाढव गंधर्व निघते. म्हणजे कुळाला कूळच मिळाले की! कुंभाराघरची उतरंड जराशी हलली आणि पुन्हा जागेवर बसली.

मग बंड कुठे आहे? आमच्या मते ते कथेत नाही, खेळण्याच्या रीतीत आहे. तमाशाच्या बोर्डावर राजवाडा नसतो. ‘हा राजवाडा’ म्हटले की राजवाडा. आणि राजा म्हणजे भरजरी कोट चढवलेला फडातलाच एक गडी. सोंगाड्या त्याला मध्येच अडवतो, ऐनवेळी नवी कोटी करतो. राजेपण आपल्या मान्यतेवर उभे असते, हे तिथे न शिकवता कळते.

चित्रपटाला मात्र राजवाडा दाखवावा लागतो. अनासपुऱ्यांची बोली चोख आहे, हशाही मिळतो. पण भिंती पक्क्या झाल्या की राजाही पक्का होतो.

संस्थाने गेली, १९७१ साली राजांचे तनखेही गेले. इंदुरीत दाभाडे सरदारांची गढी आहे आणि त्याच गावचा सोंगाड्या राजाची टर उडवत गावोगाव फिरला. डामडौल काही संपलेला नाही, नुसती पागोटी बदलली. म्हणून चित्रपट जरूर पाहा, पण वग बोर्डावर एकदा तरी बघाच. समोरच्या राजाला त्या रात्री, त्या गावात काय विचारायचे, हे सोंगाड्या तिथल्या तिथे ठरवतो. आपल्यालाही तेच शिकायचे आहे.