बुकिश माणूस आणि वीस बाजूंचा फासा

देहूत भजनाला नवा माणूस आला की त्याला नियम सांगत कुणी बसत नाही. हातात टाळ देतात आणि मागच्या ओळीत उभे करतात. पुढच्याचे पाय पाहून पावली शिकायची. चुकले तर शेजारचा कोपराने जरासा सरकवतो. गेल्या पावसाळ्यात, वयाच्या चोपन्नाव्या वर्षी, मी पुन्हा एकदा मागच्या ओळीत उभा राहिलो. या वेळी हातात टाळ नव्हता, कानाला हेडफोन होता. भाचा आणि त्याचे मित्र दर रविवारी रात्री इंटरनेटवर एक खेळ खेळतात. त्यांच्यातला एक जण परगावी गेला, जागा रिकामी झाली, आणि भाचा म्हणाला, "मामा, तुम्ही या की. तुम्हाला नाटकातलं कळतं."

मला नाटकातले कळते हा त्याचा समज खरा, पण अर्धाच. माझे शिक्षण आयटीआयपर्यंतचे. चाकणच्या एका कारखान्यात मालाची तपासणी करण्यात उमेद गेली. 1880 पूर्वीच्या मराठी रंगभूमीचा नाद लागला तो वाचनालयात, आणि गेली पंधरा वर्षे मी त्या काळावर टिपणे काढतो आहे. त्या टिपणांमधली एक गोष्ट मला या खेळात बसेपर्यंत समजलेलीच नव्हती. प्रस्तुत लेख तिच्याविषयी आहे.

खेळ काय आहे

इंग्रजीत याला रोल-प्लेइंग गेम म्हणतात; मी येथे भूमिकाखेळ म्हणेन. चार-पाच खेळाडू एकेक पात्र घेतात. एक जण खेळ चालवतो, त्याला गेम मास्टर म्हणतात. तो प्रसंग सांगतो: तुम्ही वेशीपाशी आलात, रात्र झाली आहे, पहारेकरी आडवा आला आहे. मग विचारतो, "तुम्ही काय करता?" खेळाडू आपले पात्र काय करते, काय बोलते ते सांगतो. जे सहज होण्यासारखे असते ते होते. जिथे शंका असते तिथे वीस बाजूंचा फासा पडतो. पटावरच्या सोंगट्या असल्या तर असतात, नसल्या तरी अडत नाही. आमच्या घरून पहिल्याच रात्री चौकशी झाली, "पैसे लावता का?" फासा म्हटला की आपल्याला द्यूतसभा आठवते, त्यात नवल नाही. पण येथे कुणी जिंकत नाही आणि पैही लागत नाही.

या खेळाचे पहिले प्रसिद्ध पुस्तक 'डन्जन्स अँड ड्रॅगन्स' 1974 साली अमेरिकेत निघाले; गॅरी गायगॅक्स आणि डेव्ह अर्नेसन हे त्याचे कर्ते. त्यामागे प्रशियन लष्करी अधिकाऱ्यांच्या सरावाचा युद्धपट आहे. परंतु पटावरच्या फौजेऐवजी एकेका माणसाची भूमिका घेण्याची कल्पना एका फसलेल्या प्रयोगातून आली असे सांगतात. 1969 मध्ये डेव्हिड वेस्ली याने एका काल्पनिक गावातल्या माणसांच्या भूमिका खेळाडूंना वाटून दिल्या. खेळाडू नेमून दिलेला डाव सोडून आपापसांत बोलू लागले, कट करू लागले. वेस्लीला वाटले, खेळ बिघडला. खेळाडू म्हणाले, पुन्हा असाच खेळ लाव.

सहा पाने आणि एक प्रश्न

मी पुस्तकी माणूस. 2014 च्या आवृत्तीतले खेळाडूंसाठीचे तीनशेहून अधिक पानांचे नियमपुस्तक मी आणले आणि पेन्सिल घेऊन वाचले. शिद्या नावाचा एक भुरटा चोर तयार केला. त्याचे आईबाप, त्याचे गाव, त्याने केलेली पहिली चोरी, असे सगळे सहा पाने लिहून काढले. पहिल्या रविवारी ती पाने समोर ठेवून बसलो. कुणी त्यांतले एक अक्षर विचारले नाही.

शिद्या इतरांच्या पुढे जाऊन एकटाच वेशीवर पोचला. खेळ चालवणारी मुलगी पहारेकऱ्याच्या आवाजात म्हणाली, "कोण रे तू? एवढ्या रात्री काय काम?" मी पाने चाळू लागलो. पुढ्यात माणसे असती तर त्यांना माझे चाळणे दिसले असते. येथे नुसता आवाज. त्यामुळे सर्वांना ऐकू आली ती शांतता. भाचा म्हणाला, "मामा, आवाज येतोय का? म्यूटवर आहात का?"

माझ्या तोंडून निघून गेले, "मेण विकायला आलोय."

"मेण कुठंय?"

"वितळलं."

सगळे हसले. तिने फासा टाकायला सांगितले. पंधरा हवे होते. शिद्याला थापेबाजीचे तीन गुण जादा, म्हणजे फाशावर बारा किंवा त्याहून अधिक: वीसांपैकी नऊ बाजू, शेकडा 45. कुणी साथ दिली असती तर दोन फासे टाकून मोठा धरता आला असता, आणि तीच शक्यता शेकडा 70 च्या घरात गेली असती. पण साथ मागायची असते हे मला कुठे ठाऊक? चार पडले. शिद्याची रवानगी कोठडीत झाली.

भाव्यांचा सूत्रधार

त्या रात्री झोप आली नाही. मी जुनी वही काढली. 1843 साली सांगलीत विष्णुदास भावे यांनी 'सीतास्वयंवर' केले. आश्रय चिंतामणराव आप्पासाहेब पटवर्धनांचा, नमुना कर्नाटकातून आलेल्या भागवत मंडळींच्या खेळाचा. या नाटकांत पदे लिहिलेली असत आणि ती सूत्रधार म्हणे. तो प्रयोगभर रंगभूमीवर उभा. प्रसंग तो सांगणार, आणि त्यावर पात्रांनी ऐन वेळी सुचेल ते बोलायचे. राक्षस आरोळ्या ठोकत येत, म्हणून पुढच्या पिढीने या नाटकांना 'अललडुर्र' म्हणून हिणवले.

मीही माझ्या टिपणांत तसेच लिहिले होते: "संवाद उत्स्फूर्त, म्हणून विस्कळीत." पंधरा वर्षे हे वाक्य मला पटत होते. वेशीवर गप्प बसलो तेव्हा कळले की त्या नटाच्या अंगी जे होते ते माझ्या अंगी नाही. सूत्रधाराने प्रसंग मांडला, समोरच्याने एक वाक्य टाकले, आता ते झेलायचे. यासाठी कल्पनाशक्ती फार लागत नाही. कान लागतो, आणि हसे होण्याची तयारी लागते. गेम मास्टर हा त्या सूत्रधाराचा दूरचा भाऊबंद आहे. भूमिकाखेळात नवा आलेला खेळाडू आणि भाव्यांच्या मंडळीत नवा दाखल झालेला पोऱ्या, दोघांपुढे एकच कसोटी आहे.

ही कसोटी आपल्या प्रतिष्ठित रंगभूमीवरून केव्हा गेली तेही वहीत होते. 1861 मध्ये विनायक जनार्दन कीर्तन्यांनी 'थोरले माधवराव पेशवे' लिहिले. शिकलेल्या मंडळींनी लिहिलेल्या, पाठ करून करायच्या अशा नाटकांना तेव्हा 'बुकिश' म्हणत. 1880 मध्ये किर्लोस्करांच्या 'शाकुंतला'त पात्रे स्वतःची पदे स्वतः गाऊ लागली आणि सूत्रधाराचे प्रयोगभराचे काम संपले. त्यातून देवल आले, 'शारदा' आली. या लाभाबद्दल तक्रार करण्याचे कारण नाही. पण ऐन वेळी उत्तर देण्याची विद्या तमाशाच्या बतावणीत, भारुडात आणि तळकोकणच्या दशावतारात उरली, आणि आम्ही लिहिणाऱ्यांनी तिला कच्चा माल मानले. दशावतारी नट आजही आख्यान ऐकून घेतो, तोंड रंगवतो आणि संहितेवाचून रात्रभर बोलतो. मी मात्र सहा पानांची संहिता घेऊन बसलो होतो.

'करतो', 'करते' आणि 'आपण'

आमच्या मेळ्यातली मुले मराठी घरांतली. पण पात्राच्या तोंडचे बोलायची वेळ आली की इंग्रजीत शिरत. मराठीत नाटकी वाटते, असे त्यांचे म्हणणे. मला कारण वेगळे दिसते. चाकणला नोकरी करणारा एक तरुण योद्धा स्त्रीची भूमिका करतो. तलवार उपसल्याचे इंग्रजीत सांगताना त्याला काहीच अडचण नसते. त्या भाषेतला 'मी' बाई की बुवा हे क्रियापदावरून कळत नाही. मराठीत 'उपसतो' म्हणावे तर पात्र गेले, 'उपसते' म्हणावे तर स्वतःला सोडावे लागते. तो बरेच आठवडे 'ती उपसते' असे म्हणत राहिला. एका लढाईत घाईघाईत त्याच्या तोंडून 'मी उपसते' आले. कुणी हसले नाही. त्यानंतर तो 'ती'कडे परतला नाही.

पुरुषाने 'मी करते' म्हणणे मराठीला नवे नाही. एकनाथांची भारुडे, संतांच्या गौळणी आणि विराण्या यांत ते पदोपदी आहे, आणि त्या गाताना आमच्या देहूतल्या पिळदार मिशांच्या माणसांना कधी संकोच वाटलेला मी पाहिलेला नाही. नाटकी वाटते ते यामुळेच की मराठी आपल्याला अर्धवट आत येऊ देत नाही.

गॅरी ॲलन फाईन या समाजशास्त्रज्ञाने 1983 च्या 'शेअर्ड फँटसी' या पुस्तकात अशा खेळातल्या माणसाचे तीन थर सांगितले: माणूस, खेळाडू आणि पात्र. मराठीत हे थर संबोधनातच ऐकू येतात. "मामा, जेवलात का?" हा माणूस. "मामा, फासा टाका," हा खेळाडू. "ए चोरा, गप बस," हे पात्र. पंचविशीतल्या मुलीने मला 'तू' म्हणावे आणि मला ते आवडावे, हे त्या खेळाबाहेर घडले नसते.

आणखी एक भेद इंग्रजीत नाही. शिद्या कोठडीत गेल्यावर बाकीची पात्रे विचार करू लागली. आधी कानावर येत होते, "आम्ही पुढे जातो, तुम्ही थांबा, मामा." मग एक जण म्हणाला, "आपण त्याला सोडवू." 'आम्ही'त मी नव्हतो, 'आपण'मध्ये होतो. नियमपुस्तकात नव्या खेळाडूच्या प्रवेशाविषयी पुष्कळ लिहिले आहे; या एका सर्वनामाइतके नेमके मला त्यात काही सापडले नाही.

जिथे तुलना तुटते

साम्य ताणू नये. आख्यानात शेवट ठरलेला असतो: धनुष्य रामच मोडणार. नट मधल्या वाटेवर मोकळा, मुक्कामाला नाही. भूमिकाखेळात मुक्काम सूत्रधारालाही ठाऊक नसतो. चार पडले म्हणून त्या मुलीने योजलेली सगळी रात्र बदलली. दुसरे, येथे प्रेक्षक नाही. सांगलीच्या नटाला रसिकांची दाद मिळे; आम्हाला मिळतो तो आमचाच हशा. अशा गोष्टीला कला म्हणावे का, याचे उत्तर मी घाईने देणार नाही.

दोषही आहेत. हे जग बाजारात तयार मिळते: तीच पाश्चात्त्य मधुशाळा, तेच बुटके आणि लांबकाने, आणि जन्माने दुष्ट ठरलेल्या जमाती. या शेवटच्या गोष्टीवर तिकडेही टीका झाली आणि 2024 च्या नियमांत 'वंश' हा शब्द सोडण्यात आला. त्यांच्या प्राणिकोशात 'राक्षस' आहे: वाघाच्या तोंडाचा, उलट्या तळव्यांचा. आमची मुले त्याला इंग्रजी उच्चारात हाक मारत होती. मी म्हटले, "अरे, हा आपला आहे, सांगलीला आरोळ्या ठोकत यायचा." पुढच्या रविवारी तो दाराआडून 'अललडुर्र' करतच आला. मिमी मंडल यांनी याच खेळासाठी 2022 च्या एका संग्रहात बंगालच्या वळणाचे जग उभे केले आहे. तेव्हा हे जग बदलता येते, हे उघड आहे. मराठीत ते काम पुस्तकाने सुरू होईल असे मला वाटत नाही. ते कुणीतरी 'उपसते' म्हणण्याने होईल.

टिपणांतल्या त्या वाक्यातला 'विस्कळीत' हा शब्द मी खोडला आहे. जुन्या रंगभूमीवर काम करणाऱ्यांना माझी एकच सुचवण आहे: दशावतारी मंडळींच्या रंगपटात बसा, आणि मिळाले तर अशा एखाद्या मेळ्यात नवे खेळाडू म्हणूनही बसा. सोबत कागद नेऊ नका. वेशीवर पहारेकरी काय विचारतो ते आधी ऐका.