एका विशेषणाची कुळकथा

‘मॅक्बेथ’ शिकवितांना दुसऱ्या प्रवेशाच्या आरंभींच वर्गांत खसखस पिकते, असा माझा अनेक वर्षांचा अनुभव आहे. रणांगणावरून आलेल्या जखमी सैनिकाला पाहून डंकन राजा तो कोण म्हणून विचारतो, आणि विचारतांना त्याला ‘ब्लडी’ हें विशेषण लावतो. राजाच्या मनांत शिवी नाहीं. समोरचा मनुष्य रक्तानें न्हालेला आहे, एवढेंच त्याला म्हणावयाचें आहे. मुलें मात्र हंसतात. पूर्वीं मी त्यांच्यावर रागावत असें. आतां रागावत नाहीं. कारण शेक्सपिअर आणि हीं मुलें यांच्या दरम्यान त्या शब्दाचें काय झालें, हें सांगितल्यावांचून त्या हंसण्याला उत्तर देतां येत नाहीं.

शब्दाचा मूळ अर्थ सरळ आहे. ‘ब्लड’ म्हणजे रक्त. ‘ब्लडी’ म्हणजे रक्तानें माखलेला, आणि त्यावरून रक्तपिपासु, क्रूर. प्रॉटेस्टंटांना जिवंत जाळविणाऱ्या पहिल्या मेरी राणीला पुढील पिढ्या ‘ब्लडी मेरी’ म्हणूं लागल्या. १६८५ मध्यें मन्मथच्या बंडानंतर न्यायाधीश जेफ्रीज यानें शेंकडों लोकांना देहान्त शिक्षा सुनावल्या. त्या न्यायसत्रालाहि हेंच विशेषण चिकटलें. १९७२ मध्यें उत्तर आयर्लंडमधील डेरी येथें लष्करानें निःशस्त्र मोर्चेकऱ्यांवर गोळ्या झाडल्या, तो रविवारहि ‘ब्लडी’ म्हणूनच इतिहासांत गेला. म्हणजे मूळ अर्थ मेलेला नाहीं. गंभीर प्रसंगीं तो अद्याप जागा होतो.

परंतु सतराव्या शतकाच्या उत्तरार्धापासून याच शब्दाचा दुसरा संसार सुरू झाला. तो ‘अतिशय’ या अर्थीं वापरांत आला. डीन स्विफ्टसारखा धर्माधिकारी १७११ मध्यें आपल्या खाजगी पत्रांत उन्हाच्या कडाक्याला हा शब्द सहज लावतो. रक्ताचा आणि उन्हाचा संबंध काय? ‘बाय अवर लेडी’ या मेरीमातेच्या शपथेचा हा अपभ्रंश होय, अशी एक लोकप्रिय उपपत्ति आहे. परंतु विद्वानांनीं ती टाकून दिली आहे. त्या काळीं मोठ्या घराण्यांतील उनाड तरुणांना ‘ब्लड’ म्हणत, त्यांच्या मद्यपानावरून हा प्रयोग निघाला, असें दुसरें मत आहे. मला वाटतें, एवढ्या दूर जाण्याचें कारण नाहीं. भीषण अर्थाचे शब्द झिजून केवळ अतिशयवाचक होतात, हा सर्व भाषांचा धर्मच आहे. अगदीं नवशिक्या मनुष्याला जर्मन भाषा ‘रक्ताळ’ नवशिका म्हणते. आणि आमच्या घरांतील मुली लुगड्याचा काठ ‘भयंकर सुंदर’ आहे असें म्हणतात, तेव्हां त्यांना तरी भय कोठें वाटत असतें?

चमत्कार पुढेंच आहे. अतिशयवाचक शब्द सामान्यतः झिजून निरुपद्रवी होतो; हा मात्र झिजतां झिजतां अस्पृश्य ठरला. १८८७ साल या दृष्टीनें पाहण्यासारखें आहे. त्या वर्षीं ऑक्सफर्ड कोशाचा जो भाग निघाला, त्यांत हा शब्द अगदीं खालच्या वर्गाच्या तोंडचा असून सभ्य लोक तो अश्लील शब्दांच्या पंक्तीला बसवितात, असा शेरा आहे. त्याच वर्षीं गिल्बर्ट व सलिव्हन यांची ‘रडीगोर’ ही संगीतिका रंगभूमीवर आली. ‘रडी’ म्हणजे तांबूस. परंतु तो त्या निषिद्ध शब्दाचाच सौम्य पर्याय असल्यामुळें नांवावर आक्षेप आले, आणि कांहीं दिवसांतच नांवांतलें एक अक्षर बदलावें लागलें. सावलीचाहि विटाळ मानावा, त्यांतलाच हा प्रकार!

या सोंवळेपणाचें खरें मर्म बर्नार्ड शॉनें ओळखलें. १९१४ मध्यें लंडनमध्यें ‘पिग्मॅलियन’चा प्रयोग झाला, तेव्हां तिसऱ्या अंकांत एलायझाच्या तोंडून तो शब्द बाहेर पडतांच प्रेक्षागृहांत हंशाचा असा कल्लोळ उडाला कीं त्याची वार्ता पुढें वर्षानुवर्षें सांगितली गेली. लोक थट्टेनें त्या शब्दाच्या ठिकाणीं नाटकाचेंच नांव घालूं लागले. परंतु टीकाकार बहुधा येथेंच थांबतात. त्याहून मार्मिक गोष्ट पुढें आहे. एलायझाचा उच्चार निर्दोष आहे, शब्द मात्र गल्लींतला. दिवाणखान्यांतील क्लारा या कुलीन मुलीला तीच नवी ‘फॅशन’ वाटते, आणि जातांजातां ती मोठ्या ऐटींत तोच शब्द उच्चारते. शब्द एकच; एकीच्या तोंडीं ती संवय आहे, दुसरीच्या तोंडीं तो दागिना आहे. वर्गभेद शब्दांत नसून ऐकणाराच्या कानांत आहे, हें शॉनें एका विशेषणानें सिद्ध केलें. १९५६ मध्यें याच नाटकाची ‘माय फेअर लेडी’ ही संगीतिका झाली, तेव्हां हा प्रसंग घोड्यांच्या शर्यतीवर नेऊन कर्त्याला दुसऱ्याच ग्राम्य शब्दाचा आश्रय करावा लागला. चाळीस वर्षांत सुरुंगांतली दारू सादळली होती.

ऑस्ट्रेलियांत तर या शब्दाला कोणी सोंवळ्यांत ठेवलेंच नाहीं. अलेक्झांडर मार्जोरीबँक्स या प्रवाशानें १८४७ मध्यें प्रसिद्ध केलेल्या पुस्तकांत एका बैलगाडीवाल्याच्या तोंडचे ‘ब्लडी’ मोजून, पन्नास वर्षांत तो हा शब्द सुमारे एक कोटी ऐंशी लक्ष वेळां उच्चारील, असा हिशेब मांडला आहे! २००६ मध्यें त्या देशानें पाहुण्यांना बोलाविण्यासाठीं केलेल्या जाहिरातींतहि हा शब्द होता. त्यांना तें स्नेहाचें आमंत्रण वाटलें, ब्रिटनमध्यें मात्र दूरचित्रवाणीवर तिला कांहीं काळ बंदी झाली.

आमच्या देशांत हा शब्द आला तो शॉच्या नाटकांतून नव्हे. तो छावणींतून, कचेरींतून आणि आगगाडीच्या डब्यांतून आला, आणि साहेबाच्या तोंडून खालीं आला. ‘नेटिव्ह’ या शब्दाला जोडून तो ज्यांनीं ऐकला, त्यांच्या कानांत त्याचा अर्थ ‘अतिशय’ असा कधींच नव्हता. इंग्रज प्रेक्षक ज्या शब्दाला हंसला, तोच आमच्या वडीलधाऱ्यांनीं मान खालीं घालून गिळला. हा अर्थ इंग्रजी कोशांत सांपडावयाचा नाहीं. परंतु तो खोटा नाहीं.

मग याचें भाषांतर कसें करावें? आमच्या बायकांच्या बोलींतील ‘मेला’ हा शब्द याचा जवळचा आप्त आहे. ‘मेलं, कांहीं आठवतच नाहीं’ असें म्हणणाऱ्या आजीच्या मनांत मरण नसतें. आणि ‘इकडे ये, मेल्या’ यांत राग किती व माया किती, हें नातवालाच ठाऊक. पण हाच शब्द परक्यानें रस्त्यांत उच्चारला तर भांडण होईल. पु. ल. देशपांडे यांनीं १९७५ मध्यें ‘पिग्मॅलियन’ मराठींत ‘ती फुलराणी’ म्हणून आणलें, तेव्हां शब्दास शब्द देऊन भागणारें नव्हतें. इंग्लंडांतील वर्गभेदाच्या जागीं आमच्या बोलींतील उच्चनीच भाव त्यांना उभा करावा लागला. भाषांतरकारानें शब्दाचा अर्थ विचारण्यापूर्वीं तो कोण, कोणाला आणि कोणाच्या देखत बोलतो, हें विचारावें, हाच यांतला बोध. कोशकार सर्व अर्थ एका ओळींत बसवितो; जीवनांत ते एका पंक्तीला कधींच बसत नाहींत.

म्हणून आतां वर्ग हंसला कीं मी पुस्तक क्षणभर मिटतों आणि ही कुळकथा सांगतों. मग डंकनचा प्रश्न पुन्हां वाचतों. त्या वेळीं कोणी हंसत नाहीं. समोर उभा असलेला तो रक्तबंबाळ सैनिक त्यांना आतां दिसूं लागलेला असतो.