‘आम्ही’ आणि ‘आपण’ : एका प्रहसनपटाचे भाषिक परीक्षण

स्टॅन्ली क्रेमर ह्यांनी निर्मिलेला व दिग्दर्शित केलेला ‘इट्स अ मॅड, मॅड, मॅड, मॅड वर्ल्ड’ हा अमेरिकन बोलपट ७ नोव्हेंबर १९६३ रोजी हॉलिवुडमधील ‘सिनेरामा डोम’ ह्या तेव्हा नव्याने बांधलेल्या चित्रगृहात प्रथम दाखविण्यात आला. त्याचे लेखन विल्यम रोज व त्यांच्या पत्नी टानिया रोज ह्यांचे आहे. आरंभी तीन तासांहून अधिक लांबीचा असलेला हा चित्रपट पुढे सर्वत्र प्रदर्शित होताना बराच कापला गेला. अत्यंत रुंद पडदा, अमेरिकेतील विनोदी नटांचा जवळजवळ संपूर्ण ताफा, मोटारी, विमाने आणि कोसळणाऱ्या इमारती असा त्याचा पसारा आहे. ह्या पसाऱ्याचे कौतुक करावे आणि लोभाचे फळ वाईट असते हा बोध त्यातून काढावा, अशी त्याच्याविषयी लिहिण्याची रूढ पद्धत आहे. परंतु लोभाचे फळ सांगण्यास एवढा खटाटोप लागत नाही. ते काम इसापाची एक लहानशी गोष्टही करते. शिवाय पात्रे लोभी आहेत एवढे म्हटल्याने, ती एकत्र येऊन सुखाने वाटणी का करू शकत नाहीत, ह्या प्रश्नाचे उत्तर मिळत नाही. लोभी माणसेही वाटणी करू शकतात. किंबहुना चोरांच्या टोळ्या त्यावरच चालतात. ह्या चित्रपटातील मंडळींना ती का साधत नाही, ह्याचे उत्तर त्यांच्या बोलण्यात शोधावे लागते.

त्यासाठी मराठीच्या एका विशेषाचे स्मरण करणे उपयोगी ठरेल. मराठीत प्रथम पुरुषी अनेकवचनाची दोन सर्वनामे आहेत. ‘आम्ही’ म्हणणारा ऐकणाऱ्यास वगळतो. ‘आपण’ म्हणणारा त्यास सामावून घेतो. ‘आम्ही निघतो’ आणि ‘आपण निघू’ ह्या दोन वाक्यांतील अंतर मराठी मुलास शाळेत जाण्यापूर्वीच कळते. गुजराती, तेलुगू आणि तमिळ ह्या भाषांतही असा भेद आहे. इंग्रजीत ह्या दोहोंसाठी ‘वुई’ हे एकच सर्वनाम आहे. ह्यावरून इंग्रजी बोलणाऱ्यास हा भेद उमगत नाही, असे अनुमान काढणे चुकीचे होईल. तो भेद तो प्रसंगाने, स्वराने वा अधिक शब्द घालून व्यक्त करतोच. मात्र जो भेद सर्वनामात उघड नसतो तो लपविण्यास सोपा असतो, आणि प्रस्तुत चित्रपटाचा विनोद ह्याच लपवालपवीवर उभा आहे.

कथेचा आरंभ कॅलिफोर्नियातील एका डोंगरी रस्त्यावर होतो. तुरुंगातून सुटून आलेला स्मायलर ग्रोगन (जिमी ड्युरँटी) हा भरधाव मोटारीसह कड्यावरून खाली कोसळतो. मागून येणाऱ्या चार वाहनांतून पाच पुरुष खाली उतरतात : दंतवैद्य मेल्व्हिल क्रंप, व्यापारी रसेल फिंच, डिंग बेल व बेंजी बेंजामिन हे दोघे मित्र आणि सामानवाहू गाडीचा चालक लेनी पाइक. सँटा रोझिटा येथील उद्यानात एका मोठ्या ‘डब्ल्यू’खाली ३,५०,००० डॉलर पुरलेले आहेत, असे त्यांना सांगून ग्रोगन प्राण सोडतो. मरताना त्याचा पाय एका खऱ्याखुऱ्या बादलीला लागतो आणि ती बादली उतारावरून खडखडत खाली जाते. इंग्रजीत बादलीला लाथ मारणे हा मरण्याचा वाक्प्रचार आहे. मराठीत एखाद्याने ‘राम म्हटला’ असे सांगितले असता प्रत्यक्ष राम म्हणण्याची अपेक्षा कोणी करीत नाही. येथे मात्र वाक्प्रचार शब्दशः घडतो. पुढील सर्व कथेची ही किल्ली आहे. ह्या जगात बोललेला शब्द लाक्षणिक राहू शकत नाही, तो वस्तू होऊन अंगावर येतो. ‘डब्ल्यू’ हे अक्षरही अखेर कागदावर सापडत नाही. ते चार तिरप्या ताडवृक्षांच्या रूपाने जमिनीवर उभे असते आणि योग्य जागी उभ्या राहणाऱ्यासच वाचता येते.

पोलीस येऊन चौकशी करतात तेव्हा मृत मनुष्य काहीही बोलला नाही असे हे पाचजण सांगतात. एकमेकांस अनोळखी असलेल्या ह्या माणसांचा पहिला ‘आपण’ असा एका सामाईक असत्यातून जन्मास येतो. कड्यावरून वर येताच तो विरू लागतो, कारण वर वाहनांत आणखी माणसे आहेत : क्रंपची पत्नी, फिंचची पत्नी एमेलिन आणि त्याची सासू मिसेस मार्कस. काही अंतर एकमेकांवर नजर ठेवून वाहने हाकल्यावर ही आठ माणसे रस्त्याच्या कडेला थांबतात आणि वाटणीची चर्चा सुरू होते. मोठमोठे स्फोट व पाठलाग ह्यांच्या गर्दीत हा शांत प्रसंग पुष्कळदा दुर्लक्षिला जातो; वस्तुतः चित्रपटातील सर्वांत विचारपूर्वक लिहिलेला भाग तोच होय.

ह्या चर्चेतील अडचण गणिताने स्पष्ट होते. वाहनांप्रमाणे चार वाटे केले तर प्रत्येक वाहनास ८७,५०० डॉलर मिळतात. खाली उतरलेल्या पुरुषांप्रमाणे पाच वाटे केले तर प्रत्येकी ७०,००० आणि माणसांप्रमाणे आठ केले तर प्रत्येकी ४३,७५०. आता एकट्या पाइककडे पाहावे. वाहने मोजली तर त्याचे ८७,५००, पुरुष मोजले तर ७०,०००, माणसे मोजली तर केवळ ४३,७५०. उलट फिंचच्या मोटारीत तिघे आहेत. माणसे मोजताच त्या कुटुंबाचा वाटा १,३१,२५० वर जातो. डिंग आणि बेंजी हे दोघेही खाली उतरलेले असल्याने पुरुष मोजणे त्यांच्या हिताचे, कारण त्यात त्या जोडीचे १,४०,००० होतात. क्रंप दांपत्यास वाहने मोजा वा माणसे मोजा, ८७,५०० च मिळणार. सर्वांत गुंतागुंतीची आणि सर्वांत न्याय्य म्हणून मांडलेली तडजोड क्रंपच्या तोंडी यावी, ह्यात लेखकांचे कौशल्य दिसते. वाहनाचा वाटा निराळा, माणसाचा निराळा, खाली उतरण्याचा निराळा अशी ती तडजोड आहे. ती जितकी सूक्ष्म होते तितकी ती ऐकणाऱ्यांच्या डोक्यावरून जाते आणि जितकी डोक्यावरून जाते तितका संशय वाढतो.

तेव्हा वाद रकमेचा दिसत असला तरी मुळात तो ‘वुई’ ह्या शब्दाच्या व्याप्तीचा आहे. प्रत्येकजण ‘आपण सर्वांनी मिळून’ अशा थाटाचे बोलतो आणि प्रत्येकाच्या मनात त्या सर्वनामाची सीमा निराळी असते. कोणाच्या लेखी ती आपल्या मोटारीच्या दारापाशी संपते, कोणाच्या लेखी कड्याच्या तळाशी असलेल्या पाचांपाशी. मराठीत ही चर्चा झाली असती तर पहिल्याच वाक्यात बोलणाऱ्यास ‘आम्ही’ किंवा ‘आपण’ ह्यांतून एकाची निवड करावी लागली असती. त्याने वाटणी झाली असती असे नाही. ह्याच भाषेने ‘भाऊबंदकी’ हा शब्दही घडविला आहे, आणि एका ‘आपण’मध्ये जन्मलेल्या भावांनी बांधासाठी कज्जे चालविल्याचे तो सांगतो. परंतु लपवालपवी इतका वेळ टिकली नसती. अखेर बेंजी चर्चा मोडतो आणि ज्याने त्याने आपापले पाहावे असे जाहीर करतो. ह्या समूहात बोलले गेलेले पहिले प्रामाणिक वाक्य हेच, आणि तेच सर्वांना वाहनांकडे पळावयास लावते.

पुढील धावपळीत ‘आम्ही’ आणखी आणखी लहान होत जातो. फिंच कुटुंबास भेटलेला हॉथॉर्न हा ब्रिटिश गृहस्थ अमेरिकन समाजावर तोंडसुख घेतो आणि त्याची व फिंचची मारामारी जुंपते. तेथे राष्ट्र हाच ‘आम्ही’ होतो. पाइक ऑटो मेयर नावाच्या वाटसरूस सारे रहस्य भोळेपणाने सांगून टाकतो, म्हणजे त्यास ‘आपण’मध्ये घेतो, आणि मेयर त्यास रस्त्यावर सोडून एकटाच पुढे निघतो. मिसेस मार्कसचा मुलगा सिल्व्हेस्टर ह्याचा प्रसंग विशेष सूचक आहे. तो उद्यानाच्या जवळ राहतो. त्याने तेथे जावे म्हणून आई दूरध्वनी करते. मुलास ऐकू येते ते एवढेच की आई संकटात आहे. धन बाजूस ठेवून तो आईकडे उलट्या दिशेने मोटार पिटाळतो. संपूर्ण चित्रपटात दुसऱ्यासाठी धावणारा हा एकच पुरुष, आणि तोच सर्वांत मूर्ख ठरविला जातो. लेखकांचा कडवटपणा येथे उघड होतो.

ह्या सर्वांवर कॅप्टन कल्पेपर (स्पेन्सर ट्रेसी) हा वृद्ध पोलीस अधिकारी दुरून नजर ठेवून असतो. निवृत्तिवेतनाच्या प्रश्नाने आणि घरच्या कटकटींनी तो जेरीस आलेला आहे. धन खणून निघाल्यावर तो सर्वांना कायद्याच्या स्वाधीन होण्याचा उपदेश करतो, ते तो मानतात, आणि हा उपदेशक स्वतःच पेटी घेऊन निराळ्या रस्त्यास लागतो. त्याच वेळी त्याच्या वरिष्ठाने खटपट करून त्याचे निवृत्तिवेतन वाढवून घेतलेले असते. ती वार्ता त्याच्यापर्यंत वेळेवर पोहोचत नाही. एक संस्था त्यास आपल्यात धरीत होती, परंतु तसे त्यास सांगावयास उशीर झाला. क्रेमर ह्यांनी ह्यापूर्वी ‘इनहेरिट द विंड’ (१९६०) आणि ‘जजमेंट ॲट न्यूरेंबर्ग’ (१९६१) हे गंभीर चित्रपट केले, आणि त्या दोहोंतही ट्रेसी होते. कल्पेपरच्या पात्रात त्या गंभीर वृत्तीची सावली पडलेली आहे.

चित्रपटाचे दोषही ह्याच दृष्टीने पाहिले पाहिजेत. रस्त्याकडेच्या चर्चेत जे सूक्ष्म आहे ते पुढे गोंगाटात बुडते. ह्या चित्रपटास ध्वनिपरिणामांचे अकादमी पारितोषिक मिळाले, ही गोष्ट त्याच्या बळाची आणि दुबळेपणाची एकदमच साक्ष देते. पाइक एक पेट्रोलपंप हाताने उद्ध्वस्त करतो तो प्रसंग पहिली काही मिनिटे हसवितो आणि नंतर केवळ थकवितो. शीर्षकातील ‘मॅड’ हा शब्द चारदा येतो. दुसऱ्या वेळी अर्थाला जोर येतो, चौथ्या वेळी आवाज तेवढा वाढतो. अनेक धावा आलटून पालटून दाखविण्याच्या पद्धतीचेही तसेच झाले आहे. मूकपटाच्या युगातील थोर नट बस्टर कीटन ह्यास येथे ओझरती भूमिका मिळाली आहे. ज्या कलावंताने एक शब्दही न उच्चारता हसविले, त्यास इतक्या बोलक्या चित्रपटात जागा उरू नये, हे लक्षणीय होय. त्याहून मोठा दोष स्त्रीपात्रांच्या बाबतीत आहे. मिसेस मार्कस ही केवळ कर्कश सासू म्हणून रंगविली आहे. धनाविषयी उदासीन असलेल्या एमेलिनला ते ‘डब्ल्यू’ सर्वांच्या आधी दिसते. पण ह्या सुंदर कल्पनेचा पुढे पुरेसा विस्तार होत नाही. पळापळीस कंटाळलेलीसच चिन्ह वाचता यावे, हा अर्थ लेखकांच्या हाती आला होता आणि तो त्यांनी तसाच सोडून दिला.

ह्या कल्पनेचा प्रवास भारतापर्यंतही झाला आहे. इंद्र कुमार दिग्दर्शित ‘धमाल’ (२००७) ह्या हिंदी चित्रपटात मरणारा मनुष्य गोव्यातील एका बागेत पुरलेल्या दहा कोटी रुपयांचा पत्ता सांगतो, आणि खूण तीच, मोठा ‘डब्ल्यू’. भाषा बदलली, देश बदलला, डॉलरचे रुपये झाले; अक्षर मात्र रोमनच राहिले. परंतु ‘धमाल’चे मुख्य वीर आरंभापासून एकत्र राहणारे मित्र आहेत. त्यांचा ‘आपण’ आधीच सिद्ध असल्याने तो मोडण्याचा विनोद उरतो, घडविण्याचा प्रश्न उरत नाही. मूळ चित्रपटातील अनोळखीपणा हा केवळ कथेच्या सोयीचा भाग नव्हता, हे ह्या तुलनेवरून ध्यानात येते.

अखेरीस पेटी उघडून नोटा खाली जमलेल्या लोकसमुदायावर उधळल्या जातात. वाटणी होते, पण ती वाऱ्याने केलेली असते. अग्निशामक दलाच्या शिडीवरून फेकले गेलेले अकराही पुरुष रुग्णालयात हातपाय बांधलेल्या स्थितीत पडून राहतात. तेथे सर्वजण कल्पेपरला दोष देतात आणि आपण पुन्हा कधी हसू की नाही अशी शंका तो व्यक्त करतो. इतक्यात तणतणत आत आलेली मिसेस मार्कस केळ्याच्या सालीवरून घसरून पडते आणि सारा कक्ष हसू लागतो. कल्पेपरही त्यात येतो. भरताच्या नाट्यशास्त्रात हास्याचे स्मितापासून अतिहसितापर्यंत सहा प्रकार सांगितले आहेत, आणि शेवटचे दोन अधम प्रकृतीच्या पात्रांचे मानले आहेत. हे हास्य त्याच कोटीचे आहे. तरीही अकरा माणसे एकाच गोष्टीवर, एकाच वेळी, कोणताही हिशेब न करता काही करतात, असे येथे कदाचित प्रथमच घडते. मात्र त्यासाठीही एका स्त्रीस बाहेर ठेवावे लागते. सर्वांना सामावणारा ‘आपण’ येथेही पुरता सिद्ध होत नाही.

‘आपण’ हा शब्द संस्कृत ‘आत्मन्’पासून प्राकृत ‘अप्पण’द्वारा मराठीत आला. त्याचा मूळ अर्थ ‘स्वतः’. पुढे त्याच शब्दाने आदरार्थी ‘तुम्ही’ आणि सर्वसमावेशक बहुवचन असे आणखी दोन अर्थ धारण केले. स्वतःपासून समोरच्यापर्यंत आणि तेथून सर्वांपर्यंत जाण्याचा हा मार्ग भाषेने शतकानुशतके चालून तयार केला. रोज दांपत्याची पात्रे तोच मार्ग एका दिवसात उलट्या दिशेने धावतात. ह्या बोलपटाचा गोंगाट विसरला जाईल. रस्त्याकडेला उभ्या असलेल्या त्या आठ माणसांची बेरीज मात्र पाहणाऱ्याच्या मनात अपुरीच राहते, आणि हेच त्याचे यश म्हणावे लागेल.